पुढाऱ्याची शेज आणि कुळाची चूल

पुढाऱ्याचा संसार मोडला की आमच्या तिंट्यावर सुगी येते. मानशीचे दार कुजून खारे पाणी शेतात शिरले, तर त्यावर बोलायला चार माणसे जमत नाहीत. पण अमक्या आमदाराची बायको माहेरी जाऊन बसली, तमक्याचे बिऱ्हाड दुसरीकडेच आहे, एवढे कानावर पडू द्या. रापणीची दोरी हातात असलेला माणूससुद्धा दोरी सोडून कान देतो. देवळाच्या मंडपात कीर्तनाला नसते एवढी गर्दी त्या कथेला असते.

त्यात दोन पक्ष पडतात. एक म्हणतो, जो घर सांभाळू शकत नाही तो राज्य काय सांभाळणार, हाकला त्याला. दुसरा म्हणतो, त्याच्या घरात डोकावणारे तुम्ही कोण, काम बघा. दोघेही मोठ्या आवाजात बोलतात, आणि आमच्या मते दोघेही चुकतात. का चुकतात ते सांगण्यासाठी आम्ही गावातल्या कोणा पुढाऱ्याचे नाव घेणार नाही. तसे केले की वाचक लेख बाजूला ठेवून माणूस ओळखायच्या मागे लागतो. आम्ही सव्वाशे वर्षांहून जुनी आणि सातासमुद्रापलीकडची एक हकिकत सांगतो. ती कुळांची आहे, भाटकारांची आहे, म्हणून तुम्हाला परकी वाटू नये.

आयर्लंड हा इंग्लंडच्या शेजारचा बेटाचा देश. जमीन भाटकारांची, घाम कुळांचा. भाटकार पुष्कळदा लंडनला राहणार, मुकादम खंड वसूल करणार, आणि खंड थकला की कुळाला बायकामुलांसह रस्त्यावर काढून घराचे छप्पर उतरवणार. १८७९ साली पिके बुडाली तेव्हा मायकेल डेव्हिट नावाच्या माणसाने कुळांचा संघ उभा केला. हा डेव्हिट चार-पाच वर्षांचा असताना त्याच्या आईबापांना असेच घराबाहेर काढले होते. अकराव्या वर्षी इंग्लंडातल्या कापड गिरणीत यंत्रात सापडून त्याचा उजवा हात गेला. त्याने संघाचे अध्यक्षपद दिले ते चार्ल्स स्टुअर्ट पार्नेल या तरुण खासदाराला. पार्नेल स्वतः भाटकार, धर्माने प्रॉटेस्टंट. कुळे बहुतेक सगळी कॅथॉलिक. तरी कुळांनी त्याच्यावर जीव टाकला, कारण तो इंग्रजांच्या पार्लमेंटात त्यांच्या छातीवर बसून बोलत असे.

१९ सप्टेंबर १८८० रोजी एनिस गावच्या सभेत त्याने कुळांना विचारले, शेजाऱ्याला हुसकून काढलेल्या जमिनीवर जो बोली लावतो त्याचे काय कराल? गर्दीतून उत्तर आले, गोळी घालू. पार्नेल म्हणाला, त्याहून चांगला उपाय आहे. रस्त्यात भेटला तर बोलू नका, दुकानात बोलू नका, बाजारात, प्रार्थनेच्या जागीसुद्धा त्याला एकटा पाडा. पुढच्याच महिन्यांत मेयो परगण्यात हा उपाय एका मुकादमावर झाला. त्याचे पीक कापायला कोणी येईना, त्याला दुकानदार माल देईना, आमच्याकडे पदेराने पाव आणि म्हाल्याने वस्तरा बंद करावा तसे. शेवटी उत्तरेकडून पन्नास मजूर आणले गेले आणि सरकारने त्यांच्या राखणीला हजाराच्या आसपास शिपाई उभे केले. पीक निघाले, पण राखणीचा खर्च पिकाच्या किमतीच्या अनेक पट झाला. त्या मुकादमाचे आडनाव बॉयकॉट. तो शब्द जगभर गेला, आणि १९०५ नंतर स्वदेशीच्या दिवसांत टिळकांच्या चतुःसूत्रीत ‘बहिष्कार’ म्हणून तेच हत्यार आमच्याकडेही उपसले गेले. १९१६ च्या एप्रिलात टिळकांनी बेळगावला जी होमरूल लीग काढली, तिचे नावसुद्धा आयरिश लोकांच्या मागणीवरूनच आलेले. तेव्हा हा पार्नेल आमचा अगदीच कोणी नव्हे असे म्हणता येणार नाही.

१८८१ साली पार्लमेंटला कायदा करावा लागला: खंड वाजवी हवा, खंड भरतो तोवर कुळाला काढता येणार नाही, आणि कुळाला आपला हक्क विकता येईल. तरीही पार्नेलला त्याच ऑक्टोबरात डब्लिनच्या किलमेनम तुरुंगात टाकले, ते १८८२ च्या मेपर्यंत. १८८५ च्या निवडणुकीत त्याच्या पक्षाचे ८६ खासदार निवडून आले. आता त्यांच्या मतांवाचून कोणाचे सरकार टिकेना, आणि म्हातारा पंतप्रधान ग्लॅडस्टन आयर्लंडला होमरूल द्यायला तयार झाला.

आता शेजेची गोष्ट.

१८८० साली पार्नेलची ओळख कॅथरिन ओ’शे या बाईशी झाली. नवरा कॅप्टन ओ’शे, पार्नेलच्याच बाजूचा म्हणवणारा आयरिश खासदार. नवराबायको एकत्र राहतच नव्हती म्हटले तरी चालेल; बाई लंडनजवळ एल्टम येथे, नवरा शहरात. पार्नेल अविवाहित. तो एल्टमला राहू लागला. १८८१ मध्ये कॅप्टनला त्याची पेटी त्या घरात सापडली तेव्हा त्याने द्वंद्वयुद्धाचे आव्हान दिले, आणि मग गप्प बसला. का बसला? बाईची एक अतिवृद्ध, अतिश्रीमंत मावशी होती. तिच्या मृत्यूनंतर पैसा भाचीकडे यायचा होता, आणि घटस्फोटाचा गवगवा झाला तर मावशी हात आखडेल ही भीती होती. शिवाय कॅप्टनला खासदारकी हवी होती, मोठी जागा हवी होती, आणि ती पार्नेलच्या हातून मिळण्याजोगी होती.

१८८२ च्या फेब्रुवारीत, पार्नेल तुरुंगात असताना, बाईला त्याच्यापासून मुलगी झाली. पुतण्याभाच्यांपैकी एकाच्या अंत्यविधीसाठी त्याला एप्रिलात काही दिवस सोडले, तेव्हा वाटेत एल्टमला त्याने ते मूल पाहिले, ते मरणाच्या दारात असताना. मुलीच्या नावापुढे आडनाव कॅप्टनचेच लागले होते. पुढे आणखी दोन मुली झाल्या, त्याही कॅप्टनच्या नावाने वाढल्या.

आता ध्यानात घ्या, हे गुपित कोणापासून होते? मेयोतल्या कुळापासून होते, सत्ताधाऱ्यांपासून नव्हते. १८८२ च्या मे महिन्यातच गृहमंत्री हॅरकोर्टने मंत्रिमंडळाच्या बैठकीत ही गोष्ट सांगितली होती. ग्लॅडस्टन पार्नेलशी निरोपानिरोपी करत होता ती ह्याच बाईच्या हातून. ती त्याला पत्रे लिही, भेटे. १८८६ च्या मेमध्ये एल्टमजवळ पार्नेलची गाडी एका भाजीवाल्याच्या गाडीवर आदळली, आणि तेवढ्या निमित्ताने लंडनच्या एका वर्तमानपत्राने त्याच्या ‘उपनगरातल्या विसाव्याची’ बातमी छापली. म्हणजे पोलिसांना ठाऊक, मंत्र्यांना ठाऊक, वर्तमानपत्राला ठाऊक. आठ वर्षे कोणाचा धर्म बुडाला नाही, कारण आठ वर्षे ते नाते उपयोगी पडत होते.

आणि १८८७ साली ‘टाइम्स’ने काय केले तेही सांगायला हवे. पार्नेलने खुनी लोकांना पाठिंबा दिला असे दाखवणारे एक पत्र, त्याच्या सहीसकट, त्यांनी छापले. चौकशी बसली. पत्र विकणारा रिचर्ड पिगट साक्षीला उभा राहिला, आणि वकिलाने त्याला काही शब्द कागदावर लिहायला सांगितले. एका शब्दात त्याने नेमकी तीच स्पेलिंगची चूक केली, जी त्या बनावट पत्रांपैकी एकात होती! आम्ही मास्तर लोक शुद्धलेखनावर लाल रेघा ओढतो म्हणून पोरे आम्हाला हसतात. त्यांना ही गोष्ट आम्ही दर वर्षी सांगतो. पिगट माद्रिदला पळाला आणि १ मार्च १८८९ रोजी त्याने स्वतःला गोळी घातली. पार्नेल पार्लमेंटात आला तेव्हा ग्लॅडस्टनसकट सारे विरोधी बाक उभे राहिले. बनावट पत्राने माणूस पडला नाही. मग त्याला पाडायला दुसरे काही लागले.

१८८९ च्या मेमध्ये मावशी वारली. लाखाच्या वर पौंडांची संपत्ती, सगळी एकट्या भाचीला, नवऱ्याचा हात लागू नये अशा बेताने. नातलगांनी मृत्युपत्राला हरकत घेतली, पैसा अडकला. आणि २४ डिसेंबर १८८९ रोजी कॅप्टनचा नवरेपणा अचानक जागा झाला; त्याने घटस्फोटाचा दावा लावला, पार्नेलचे नाव घालून. नऊ वर्षे निजलेला माणूस मावशीच्या तेराव्याला उठून बसावा, असा हा प्रकार. त्याच्या मागे कोणी राजकारणी होते का, ह्यावर लिहिणारे अजून भांडतात. आम्हाला त्याची गरज वाटत नाही. पैशाचा हिशेब पुरेसा आहे.

दावा १५ आणि १७ नोव्हेंबर १८९० ह्या दोन दिवसांत संपला, कारण पार्नेलने बाजूच मांडली नाही. त्याला घटस्फोट हवाच होता, बाईशी लग्न करायचे होते. पण त्यामुळे कॅप्टनच्या बाजूचे साक्षीदार बोलतील ते खरे ठरले. एका स्वयंपाकिणीने सांगितले की कॅप्टन आला की पार्नेल खिडकीतून दोरावरून उतरून जाई आणि पुढच्या दाराने पुन्हा पाहुणा म्हणून येई. हे खरे की खोटे ते कोणी तपासले नाही. तमाशाच्या थिएटरांना मात्र विनोद मिळाला. कायदाही कसा पाहा: १८५७ पासून इंग्लंडात नवऱ्याला बायकोचा एवढा एकच अपराध पुरे, बायकोला मात्र नवऱ्याचा व्यभिचार पुरत नसे, त्याबरोबर क्रौर्य किंवा टाकून जाणे असे आणखी काही सिद्ध करावे लागे. आणि निकालात मुलांचा ताबा कॅप्टनला मिळाला, पार्नेलच्या दोन मुलींसकट.

बाईला तर माणूसपणच उरू दिले नाही. घरची माणसे तिला केटी म्हणत. छापणाऱ्यांनी आणि सभांतून ओरडणाऱ्यांनी तिचे ‘किटी’ केले, कारण त्या काळच्या इंग्रजी बोलीत तो बाजारबसव्या बाईला लावायचा शब्द होता. जी आठ वर्षे दोन देशांच्या पुढाऱ्यांत निरोप्या होती, तिला एका रात्रीत शिवी करून टाकले. तिला कोणी विचारले का, तुझे म्हणणे काय? तिने ते सांगितले १९१४ साली, पुस्तक लिहून, पार्नेल मरून तेवीस वर्षे झाल्यावर.

इथे पहिला पक्ष खूश होईल: मास्तर, तुम्ही आमच्यासारखेच बोलता, घरात डोकावू नये. थांबा. आता तुमची पाळी.

कॅप्टनला खासदारकी हवी होती हे आम्ही वर सांगितले. १८८६ च्या फेब्रुवारीत गॉलवे शहराची जागा मोकळी झाली. गॉलवे म्हणजे पश्चिम किनाऱ्यावरचे बंदर. त्याला लागून क्लॅडा नावाची जुनी मासेमारांची वस्ती, झावळ्यांसारख्या गवताने शाकारलेल्या घरांची. तिथे पार्नेलने उमेदवार दिला तो हा कॅप्टन ओ’शे. त्याने पक्षाची शपथ घ्यायला नकार दिला होता. पक्षाचे दोन खासदार, हीली आणि बिगर, विरोध करायला गॉलवेला धावले. हा माणूस नको म्हणाले. पार्नेल स्वतः आगगाडीने तिथे आला आणि त्याने सांगितले की कॅप्टन पडला तर होमरूलच धोक्यात येईल. हीली मागे सरला. गॉलवेच्या लोकांनी होमरूलसाठी मते दिली. आणि जूनमध्ये होमरूलचे बिल मताला आले तेव्हा हा गॉलवेचा खासदार मतच न देता निघून गेला! बिल ३० मतांनी पडले. दुसऱ्या दिवशी त्याने राजीनामा दिला.

एका मताने बिल वाचले नसते हे आम्हाला कळते. पण प्रश्न हिशेबाचा नाही. क्लॅडाच्या मासेमाराला काय सांगण्यात आले होते? की हे मत देशासाठी आहे. प्रत्यक्षात ते कशासाठी होते? एका घरातली भानगड झाकून ठेवण्यासाठी, कॅप्टनचे तोंड बंद राहावे म्हणून. निदान पार्नेलचे सोबतीसुद्धा त्या वेळी असेच समजले. पुढाऱ्याने आपल्या खोलीचे भाडे लोकांच्या मतपेटीतून भरले. पार्नेलचा दोष कोणता, असे आम्हाला विचाराल तर तो एल्टमला घडला नाही, गॉलवेला घडला.

आणि गंमत अशी की १८९० साली जे कपाळावर आठ्या घालून उठले, त्यांतल्या बहुतेकांच्या तोंडी गॉलवे नव्हते, एल्टम होते. इंग्लंडातल्या प्रॉटेस्टंट धर्मोपदेशकांनी ग्लॅडस्टनच्या पक्षावर दाब आणला की व्यभिचारी माणसाच्या मित्रांना आम्ही मते देणार नाही. ग्लॅडस्टनने पत्र लिहिले: पार्नेल पुढारी राहिला तर माझे पुढारीपण जवळजवळ शून्य होईल. त्या पत्रात नीतीचा शब्द नव्हता; जागांचा हिशेब होता. २५ नोव्हेंबरला आयरिश खासदारांनी पार्नेललाच पुन्हा अध्यक्ष निवडले, त्यांना पत्राचा पत्ता नव्हता. त्याच रात्री ते वर्तमानपत्रांच्या हाती गेले. १ ते ६ डिसेंबर पार्लमेंटच्या पंधरा नंबरच्या खोलीत पक्ष भांडत बसला. ग्लॅडस्टन आता पक्षाचा धनी झाला असे कोणी म्हणाले, तर हीली ओरडला, मग धनीण कोण? तोच हीली, जो गॉलवेला मागे सरला होता. तेव्हा बोलायची वेळ होती, तेव्हा तो गप्प राहिला. आणि आता एका बाईवर कोटी करून त्याने टाळ्या घेतल्या. शेवटी ४५ बाहेर पडले, २८ पार्नेलपाशी राहिले. मधल्या दिवसांत कॅथॉलिक बिशपांनीही त्याच्याविरुद्ध पत्रक काढले.

एका माणसाचा राग मात्र आम्हाला खरा वाटतो, तो डेव्हिटचा. दावा लागल्यावर पार्नेलने त्याला स्वतः सांगितले होते की मी ह्यातून निष्कलंक बाहेर पडेन. डेव्हिटने विश्वास ठेवला, लोकांना तसे सांगितले. निकाल लागला तेव्हा पार्नेलने काही काळ बाजूला व्हावे असे आपल्या पत्रात उघड लिहिणारा पहिला मोठा सोबती तोच. एक हात असलेल्या त्या कुळाच्या पोराला पार्नेलने वापरून घेतले. त्याला विचारायचा हक्क होता. हॅरकोर्टला नव्हता.

पार्नेलही शहाणपणाने वागला नाही. तीन महिने बाजूला बसला असता तर कदाचित पुन्हा उभा राहिला असता. त्याऐवजी त्याने जाहीर पत्रक काढून ग्लॅडस्टनशी झालेली खासगी बोलणी चव्हाट्यावर मांडली. आपले खासगी कोणी उघडे केले म्हणून चिडलेला माणूस दुसऱ्याचे खासगी उघडे करू लागला! किल्केनीच्या पोटनिवडणुकीत त्याच्या डोळ्यांत चुना फेकला गेला. एका डोळ्यावर पट्टी बांधून तो भाषणे करीत फिरला. तिथे हरला, १८९१ च्या एप्रिलात स्लायगोला हरला, जुलैत कार्लोला हरला. मधे २५ जूनला त्याने कॅथरिनशी स्टेनिंग गावच्या नोंदणी कचेरीत लग्न केले.

पण ह्या सगळ्याची किंमत कोणी दिली? ते नाव कोणत्याही तमाशात आले नाही. टिपरेरी शहरात स्मिथ-बॅरी नावाच्या भाटकाराची कुळे होती. दुसऱ्या परगण्यातल्या हुसकलेल्या कुळांना पाठिंबा म्हणून त्यांनी १८८९ साली खंड रोखला आणि आपली चालती दुकाने, घरे सोडली. चळवळीने त्यांच्यासाठी शेजारी नवे गावच बांधले, न्यू टिपरेरी. १८९० च्या एप्रिलात ते उघडले. त्याचा खर्च वर्गणीवर चाले, आणि ती वर्गणी जमवायला पुढारी अमेरिकेत गेले होते. नेमके तेव्हाच पक्ष फुटला. अमेरिकेतले देणारे म्हणाले, आधी तुमचे ठरवा कोणाला द्यायचे. पॅरिसच्या बँकेत ठेवलेला चळवळीचा पैसा दोन्ही गटांच्या भांडणात कुलपात पडला. १८९१ साली न्यू टिपरेरीच्या कुळांनी जुन्या भाटकाराकडे जाऊन मान वाकवली. त्यांनी कोणाच्या बायकोला हात लावला नव्हता, कोणाचे मृत्युपत्र लाटले नव्हते. लंडनच्या दिवाणखान्यात नीती जागी झाली आणि टिपरेरीत चूल विझली.

दुसऱ्या पक्षाचे लोक म्हणतील, मग लोकांनी भांडण केलेच कशाला, पार्नेलला सांभाळून घ्यायचे होते. सोपे आहे हे म्हणणे. पण ज्यांना दहा वर्षे अंधारात ठेवले, त्यांच्यावर निकालाच्या दिवशी सगळे एकदम येऊन आदळले. कुळाला १८८२ मध्ये कळले असते तर त्याने दोन दिवस तोंडाला पदर लावून चर्चा केली असती आणि तिसऱ्या दिवशी नांगर धरला असता. आम्ही गावातच राहतो, गाव किती पचवतो ते आम्हाला ठाऊक आहे. गावाला पचत नाही ते खोटे, आणि त्याहून, आपल्या खोटेपणासाठी गावाला राबवणे.

१८९२ च्या निवडणुकीत फुटलेल्या दोन गटांपैकी विरोधकांना ७१ आणि पार्नेलच्या लोकांना ९ जागा मिळाल्या. पक्ष एकत्र यायला १९०० साल उजाडले. १८९३ चे होमरूल बिल लॉर्डांच्या सभागृहाने ४१९ विरुद्ध ४१ मतांनी बुडवले; पार्नेल असता तरी लॉर्ड बदलले नसते, हे मान्य. जमीन विकत घ्यायला कुळांना सरकारी कर्ज देणारा मोठा कायदा १९०३ साली झाला. टिपरेरीला परत गेलेल्यांतले किती तेव्हा जिवंत होते, कोण मोजतो?

पार्नेलची शेवटची सभा २७ सप्टेंबर १८९१ रोजी झाली, गॉलवे परगण्याच्या सीमेवर, क्रेग्ज गावात. पाऊस होता, संधिवाताने हात झोळीत, अंगावरचे कपडे भिजलेले, तरी तो बोलला. ६ ऑक्टोबरला ब्रायटनजवळच्या होव्ह येथे तो गेला, वय ४५. लग्नाला चार महिनेही झाले नव्हते. डब्लिनमध्ये त्याच्या प्रेतयात्रेला लोटलेल्या गर्दीत त्याला शिव्या घालणारेही होते म्हणतात.  क्लॅडाहून कोणी मासेमार त्या दिवशी पावसात सभेला आला असता, तर त्याने त्याला बाईबद्दल नव्हे, १८८६ च्या फेब्रुवारीतल्या आपल्या मताबद्दल विचारायला हवे होते.